सावेदादांची कुस्ती

भारतीय सिनेमाचा जन्म केव्हा झाला, असे कोणत्याही शाळकरी मुलाला विचारा. तो १९१३ साल सांगेल आणि दादासाहेब फाळके व ‘राजा हरिश्चंद्र’ यांची नावे घेईल. स्पर्धा परीक्षेत गुणही याच उत्तराला मिळतात. फाळके यांचे श्रेय आम्हाला नाकारायचे नाही. परंतु त्यांच्या चौदा वर्षे आधी, १८९९ च्या नोव्हेंबर महिन्यात, मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एका मराठी माणसाने कॅमेरा लावला होता. त्या कॅमेऱ्यासमोर देव नव्हता, ऋषी नव्हता, सत्त्वपरीक्षा देणारा राजाही नव्हता. दोन पैलवान होते.

त्या माणसाचे नाव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. लोक त्यांना सावेदादा म्हणत. म्हणजे एका हरिश्चंद्रावर चित्रपट निघण्यापूर्वी दुसऱ्या हरिश्चंद्राने चित्रपट काढून ठेवला होता आणि तो कुस्तीचा होता. या देशातला पहिला माहितीपट आणि पहिला क्रीडापट एकच आहे, ही गोष्ट आपल्या किती लोकांना ठाऊक आहे?

सावेदादांचा जन्म १८६८ चा, मुंबईतला. धंदा छायाचित्रणाचा. ७ जुलै १८९६ रोजी फ्रान्सच्या ल्युमिए बंधूंच्या माणसाने मुंबईच्या वॉटसन हॉटेलात हलती चित्रे दाखविली. तिकीट एक रुपया. मजुराच्या खिशाला न परवडणारा हा रुपया होता. पुढे आठवडाभरातच हे खेळ नॉव्हेल्टी थिएटरात गेले आणि तेथे चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत तिकिटे लागली. चार आणे झाले तेव्हा कुठे सिनेमा सामान्य माणसाच्या जवळ आला. हे खेळ पाहून सावेदादा भारावले. परंतु नुसते भारावून ते थांबले नाहीत. त्यांनी इंग्लंडमधील ब्रॅडफर्डच्या रायली ब्रदर्स कंपनीकडून एकवीस गिनी मोजून कॅमेरा मागविला. त्या वेळच्या दराने ही रक्कम सुमारे तीनशे तीस रुपये होते. फीत धुण्याची सोय तेव्हा येथे नव्हती. चित्रित केलेली फीत बोटीने लंडनला जायची आणि धुऊन परत यायची. आपण काय टिपले, हे टिपणाऱ्यालाच तोवर कळत नसे. फीत आली की प्रोजेक्टर लावून उघड्यावर खेळ करायचा. विदेशी चित्रांच्या जोडीला ते आपली चित्रे दाखवीत.

आता त्या दोन पैलवानांकडे येऊ. इतिहासात त्यांची नावे पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी अशी नोंदली गेली आहेत. दुसरे नाव पुन्हा वाचावे. न्हावी हा शब्द मराठी कानाला काय सांगतो, ते आमच्या वाचकांना समजावून सांगायला नको. या देशात कॅमेऱ्याने टिपलेल्या पहिल्या माणसांपैकी एकाच्या नावातच वस्तरा आणि धोपटी आहे. इतिहास लिहिणाऱ्यांनी सावेदादांचा कॅमेरा कोठून आला, कितीला आला हे लिहिले. पण हे पैलवान कोणत्या तालमीचे आणि कोणी जिंकले, याची उठाठेव फारशी कोणी केली नाही.

कुस्तीची निवड आम्हाला महत्त्वाची वाटते ती आणखी एका कारणाने. कुस्ती म्हणजे स्पर्श. समोरच्याच्या मानेला कवळ घातल्याशिवाय, त्याचा घाम अंगाला लागल्याशिवाय कुस्ती होत नाही. सोवळे सांभाळून कोणाला चीतपट करता येत नाही. म्हणूनच छत्रपती शाहू महाराजांनी अस्पृश्य समाजातील मल्लांना आश्रय दिला, ही गोष्ट साधी नव्हती. आमच्या पारशिवनीकडेही दंगली व्हायच्या. आम्ही लहानपणी पाहिलेल्या दंगलीत आमची मुले मातीत उतरत. पण आजोबा सांगत, त्यांच्या तरुणपणी दंगलीत डफडे आपल्या माणसांच्या हाती असे आणि माती दुसऱ्यांच्या. १९५६ नंतर डफडे सुटले. मातीत उतरायला मात्र पुढे बरीच वर्षे लागली.

जगात इतरत्रही क्रीडापटाची सुरुवात अशाच अंगाला अंग भिडविणाऱ्या खेळाने झाली. अमेरिकेत एडिसनच्या स्टुडिओत १८९४ साली मुष्टियुद्ध चित्रित झाले. १८९७ साली कॉर्बेट आणि फिट्झसिमन्स यांची लढत टिपली गेली, तो चित्रपट दीड तासाहून मोठा होता. पुढे ४ जुलै १९१० रोजी रेनो शहरात जॅक जॉन्सन या कृष्णवर्णीय मुष्टियोद्ध्याने जेफ्रिज या गोऱ्या माजी विजेत्याला धूळ चारली. त्या लढतीचा चित्रपट ठिकठिकाणी बंद पाडला गेला आणि १९१२ साली तर अमेरिकन काँग्रेसने अशा लढतींचे चित्रपट एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेणे हाच गुन्हा ठरविला. तो कायदा १९४० पर्यंत पुस्तकात होता. वकिलीच्या धंद्यात आम्ही बरेच चमत्कारिक कायदे वाचले, पण काळा माणूस जिंकलेला दिसू नये म्हणून चित्रफितीच्या वाहतुकीवर बंदी, यासारखा दुसरा आठवत नाही. सत्ताधाऱ्यांना खेळाची भीती नव्हती. तो पडद्यावर पुन्हा पुन्हा दिसेल, याची होती.

सावेदादांच्या कुस्तीवर कोणी बंदी घातली नाही. तिची कोणी दखलच घेतली नाही, एवढाच फरक.

कुस्तीनंतर त्यांनी माकडांना कसरती शिकविणारा माणूस चित्रित केला. तोही रस्त्यावर पोट भरणाराच. पण पुढे कॅमेऱ्याचे तोंड हळूहळू वर वळले. १९०१ साली ब्रिटिश पार्लमेंटचे सभासद सर मंचेरजी भावनगरी यांचे मुंबईत आगमन, पारशी अग्निमंदिर, मग त्याच वर्षाच्या डिसेंबरात केंब्रिजहून सीनिअर रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांचे स्वागत. १९०३ साली तर लॉर्ड कर्झनचा दिल्ली दरबार. परांजपे यांची बुद्धिमत्ता खरीच आणि त्यांचे स्वागत टिपणारा भारतातला पहिला वार्तापट सावेदादांचाच, हेही खरे. पण एका आखाड्यापासून निघालेला कॅमेरा साडेतीन वर्षांच्या आत व्हाइसरॉयच्या हत्तींपर्यंत पोहोचला, हे आम्हाला खटकते. त्यांना दोष द्यावा का? फिती महाग, धुलाई लंडनला आणि गर्दी जमणार ती थोरामोठ्यांच्या नावावर. धंद्याचे गणित त्यांना सोडविणे भाग होते. तरीही वाटते, याच मुंबईत फेब्रुवारी १९०६ मध्ये पालवणकर बाळू आणि त्यांचा भाऊ शिवराम हिंदू संघाकडून खेळले आणि युरोपियनांचा संघ हरला. पुण्यात ज्या बाळूंना चहा वेगळ्या भांड्यात मिळत असे, तेच हे बाळू. सावेदादांच्या नोंदलेल्या फितींमध्ये क्रिकेट नाही.

पुढे त्यांनी कॅमेरा विकून टाकला आणि गेइटी थिएटरचे, म्हणजे नंतरच्या कॅपिटॉलचे, व्यवस्थापन सांभाळले. चित्रे काढणारा माणूस चित्रे दाखविणारा झाला. त्यात त्यांना स्थैर्य मिळाले. दीर्घायुष्य लाभले, १९५८ साली ते वारले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले १९६४ साली. तोवर हँगिंग गार्डनची ती कुस्ती नाहीशी झाली होती. तेव्हाची फीत नायट्रेटची, चटकन पेट घेणारी आणि नुसती पडून राहिली तरी कुजणारी. आज तिचा एक तुकडाही उपलब्ध नाही.

मूळ दस्तऐवज नष्ट झाला की न्यायालय दुय्यम पुरावा मागते. १८७२ च्या पुरावा कायद्यात ही तरतूद होती आणि १ जुलै २०२४ पासून आलेल्या नव्या कायद्यातही आहे. सावेदादांच्या बाबतीत आपल्या हाती उरला आहे तो असा दुय्यम पुरावा. पुस्तकांतील चार ओळी, दोन पैलवानांची नावे, एक महिना, एक बाग.

आपल्याकडे एक मूळ पुरावा आहे आणि तो एका माणसामुळे आहे. ७ डिसेंबर १९५६ रोजी मुंबईत बाबासाहेबांची अंत्ययात्रा निघाली तेव्हा नामदेव व्हटकर यांनी स्वतःचा पैसा घालून ती चित्रित केली. तो जनसागर आज आपण पाहू शकतो तो त्यांच्यामुळे. त्यांनी कॅमेरा लावला नसता तर त्या गर्दीचेही आपल्याकडे वर्णनच उरले असते.

हे सारे लिहिण्याचे निमित्त घरगुती आहे. मागच्या महिन्यात पारशिवनीत एका समाजबांधवाच्या घरी माळा आवरताना व्हिडिओ कॅसेटचे खोके निघाले. १९९१ च्या शताब्दी जयंतीची मिरवणूक, लेझीम आणि त्यानंतर झालेले कबड्डीचे सामने. तीन कॅसेटना बुरशी लागली आहे, एकीची फीत तुटली आहे. उरलेल्या नागपूरला नेऊन संगणकावर उतरवून घ्यायचे ठरले असून त्याचा खर्च आम्ही मित्रांनी वाटून घेतला आहे. तालुक्यात ज्यांच्या घरी अशा कॅसेट असतील त्यांनी त्या पुसू नयेत, उन्हात ठेवू नयेत, घरच्या यंत्रात घालून पाहण्याचा मोहही टाळावा. पौर्णिमेला विहारात आणून द्याव्यात आणि शक्य झाल्यास कॅसेटवर गावाचे नाव, वर्ष आणि खेळणाऱ्या मुलांची पूर्ण नावे लिहावीत.