कातडी कमावणाऱ्याचा मुलगा : लुई पाश्चर

(बी. कॉम. भाग २)

लुई पाश्चर हे नाव ऐकले की आपल्या डोळ्यांसमोर पिसाळलेला कुत्रा आणि पोटात टोचायची इंजेक्शने उभी राहतात. परंतु कुत्र्याच्या लशीच्या चार वर्षे आधी या शास्त्रज्ञाने भर गर्दीत मेंढ्यांवर एक प्रयोग केला होता. माझ्यासारख्या वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याला तो प्रयोग अधिक विचार करायला लावतो. कारण त्यात यश जितके मोठे आहे, तितकाच हिशेबाचा एक प्रश्नही मोठा आहे.

पाश्चर यांचा जन्म २७ डिसेंबर १८२२ रोजी फ्रान्समधील दोल या गावी झाला. वडील नेपोलियनच्या सैन्यातून परतलेले सार्जंट. कातडी कमावणे हा त्यांचा धंदा. लहानपणी लुईचा ओढा चित्रकलेकडे होता. पुढे पॅरिसला शिक्षण झाले आणि १८४८ मध्ये टार्टारिक आम्लाच्या स्फटिकांवरील संशोधनाने त्यांचे नाव झाले. त्यानंतर मद्य का आंबते, दूध का नासते, रेशमाचे किडे का मरतात अशा व्यापाराच्या आणि शेतीच्या प्रश्नांवर ते झटत राहिले. घरात मात्र दुःखाचा डोंगर कोसळला. १८५९ ते १८६६ या काळात त्यांच्या तीन मुली वारल्या; त्यांपैकी दोघी विषमज्वराने. १८६८ मध्ये, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी, त्यांना पक्षाघात झाला आणि डावे अंग लुळे पडले. लशींचे सारे काम त्यांनी यानंतर केले.

त्या काळी फ्रान्समधील मेंढपाळांचा मोठा शत्रू म्हणजे अँथ्रॅक्स. आपल्याकडे जनावरांच्या या रोगाला फाशी म्हणतात, माणसाला झाला तर काळपुळी म्हणतात, आणि माझे कन्नड मित्र त्याला नेरडी रोग म्हणतात. सकाळी चरायला गेलेले जनावर संध्याकाळपर्यंत मरून पडते आणि त्याचे रक्त नीट गोठत नाही. कातडे किंवा लोकर हाताळणाऱ्या माणसाच्या जखमेतून जंतू शिरला की तेथे काळी खपली धरते. कातडी कमावणाऱ्याच्या घरात वाढलेल्या पाश्चर यांच्या वडिलांचा धंदा या रोगाच्या वाटेवरच होता. १८७६ मध्ये जर्मनीच्या रॉबर्ट कॉख यांनी या जंतूचे जीवनचक्र उलगडले आणि त्याचे बीजाणू टिकून राहतात हे दाखविले. पुरलेल्या जनावरांच्या खड्ड्यांतून गांडुळे हे बीजाणू वर आणतात, असे पाश्चर यांनी दाखवून दिले. मेलेली जनावरे चराऊ कुरणात पुरू नका, हा त्यांचा सल्ला होता.

मग लशीचा विषय आला. जंतू दुर्बळ करून टोचला तर जनावर मरत नाही आणि पुढे खऱ्या रोगापासून वाचते, असे त्यांचे म्हणणे होते. अनेकांचा त्यावर विश्वास नव्हता. मेलँ येथील कृषी मंडळाने जाहीर परीक्षेचे आव्हान दिले आणि पाश्चर यांनी ते स्वीकारले. पुई-ल-फोर या गावाच्या शेतावर ५ मे १८८१ रोजी २४ मेंढ्या, एक बकरी आणि सहा गाई-बैल यांना लस टोचली. तितक्याच मेंढ्या, एक बकरी आणि चार गाई-बैल तसेच ठेवले. १७ मे रोजी दुसरी मात्रा दिली आणि ३१ मे रोजी सर्वांनाच जिवंत, जहाल जंतू टोचले. २ जून रोजी शेतकरी, पशुवैद्य, अधिकारी आणि वार्ताहर जमले. लस टोचलेल्या मेंढ्या उभ्या होत्या. न टोचलेल्यांपैकी बहुतेक मरून पडल्या होत्या आणि उरलेल्या संध्याकाळपर्यंत गेल्या. सारे युरोप थक्क झाले.

वाचकहो, येथपर्यंतचा ताळेबंद जगाला ठाऊक होता. परंतु कीर्द वेगळे सांगत होती. पाश्चर यांनी आपल्या प्रयोगांच्या वह्या कोणाला दाखवू नयेत, असे घरच्यांना बजावले होते. १९६४ मध्ये त्यांच्या नातवाने त्या फ्रान्सच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला दिल्या आणि १९९५ मध्ये जेराल्ड गाइसन या इतिहासकाराने त्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. हवेतील प्राणवायूने जंतू दुर्बळ करण्याच्या आपल्या पद्धतीची लस वापरली, असा पाश्चर यांनी लोकांचा समज होऊ दिला होता. प्रत्यक्षात त्या दिवशीची लस त्यांचे सहकारी शांबरलां यांनी पोटॅशियम डायक्रोमेट वापरून केली होती. तूलूझचे पशुवैद्य तूसां यांनी १८८० मध्येच रसायनाने जंतू निकामी करून लस बनविली होती; डायक्रोमेटची लस तिच्या जवळची होती. तूसां १८९० मध्ये वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी वारले. श्रेयाच्या खात्यात त्यांच्या नावावर फारसे काही जमा झाले नाही.

मग पाश्चर लबाड होते का? मला तसे म्हणवत नाही. मेंढ्या खरोखर वाचल्या. पुढे प्राणवायूच्या पद्धतीची लसही यशस्वी झाली आणि १८९४ पर्यंत फ्रान्समध्ये सुमारे ३४ लाख मेंढ्यांना लस टोचली गेली. श्रेय देणे त्यांना ठाऊक नव्हते असेही नाही. गाईच्या देवीवरून आलेला ‘व्हॅक्सिन’ हा शब्द सर्वच लशींना लावावा, असे त्यांनी १८८१ मध्ये लंडनला सुचविले, ते जेन्नर यांच्या सन्मानासाठी. बेळगावच्या टिळकवाडीत जेथे एके काळी देवीची लस तयार होत असे, त्या व्हॅक्सिन डेपोच्या नावात हाच शब्द आहे. इंग्लंडच्या मृत जेन्नरांना त्यांनी मोकळ्या मनाने मान दिला. स्वदेशातील जिवंत तूसांना मात्र दिला नाही. हिशेब जुळला म्हणून प्रमाणक लपविण्याची मुभा मिळत नाही, एवढेच मी म्हणेन.

लस शोधली की ती कोणाला द्यायची, हा प्रश्न उरतोच. ६ जुलै १८८५ रोजी कुत्रा चावलेला नऊ वर्षांचा जोसेफ माइस्टर त्यांच्यापुढे आला. पाश्चर डॉक्टर नव्हते, आणि ती लस माणसासाठी सिद्ध झालेली नव्हती. मुलगा मरणार असे दिसत होते, म्हणून त्यांनी डॉक्टरांकरवी ती टोचविली. मुलगा वाचला. फाशीच्या लशीचे गणित वेगळे आहे. रोग जेथे पुनःपुन्हा येतो तेथील निरोगी जनावरांना ती दरवर्षी टोचतात. माणसांसाठीची लस निराळी असते आणि ती सरसकट कोणालाही देत नाहीत. अमेरिकेत ती १८ ते ६५ वयाच्या, ज्यांना कामातूनच धोका आहे अशांसाठी आहे : या जंतूवर काम करणारे प्रयोगशाळेतील लोक, संसर्गित जनावरे किंवा कातडी हाताळणारे काही कामगार, काही सैनिक. जंतूशी संपर्क आल्यानंतर प्रतिजैविकांबरोबरही ती देतात. पूर्वीच्या मात्रेने जिवावर बेतलेली ॲलर्जी झाली असेल, तर ती देत नाहीत. गरोदर स्त्रीला एरवी ती टाळतात. प्रत्यक्ष संपर्क आला असेल तर मात्र विचार बदलतो. म्हणजे ज्याचा धोका मोठा, त्याचा हक्क पहिला.

२८ सप्टेंबर १८९५ रोजी पाश्चर यांचे निधन झाले. त्यांच्या चरित्रापुढे आपण नतमस्तक जरूर व्हावे; मात्र त्यांच्या शेजारी तूसांचे नावही लिहावे. आपल्या भागात फाशीने मेलेल्या जनावराचे कातडे सोलू नका, असे पशुवैद्य सांगतात. उघडे पडलेले रक्त हवेत सुकले की त्यात बीजाणू तयार होतात आणि जमिनीत वर्षानुवर्षे टिकतात. एका मेलेल्या जनावराच्या कातड्याचे चार पैसे आणि साऱ्या कळपाचा जीव यांचा हिशेब आपण वाणिज्याच्या विद्यार्थ्यांनी तरी गावात समजावून सांगायला हवा.