फोटोखालचे नाव

होमाई व्यारावाला यांना देशातील पहिल्या महिला वृत्तछायाचित्रकार म्हणून आज सारे ओळखतात. पण सुरुवातीला त्यांच्या फोटोंखाली नाव छापून येई ते पतीचे, माणेकशा यांचे! बाईचे नाव त्या पत्रसृष्टीला चालणारे नव्हते. राबणारा एक आणि नाव दुसऱ्याचे, हे आपल्या समाजाला नवे नाही. चळवळीच्या सभांचे जुने फोटो आपण घरोघर लावतो. ते काढले कोणी, हे कितीजण विचारतात?

१९१३ साली नवसारीत जन्म. वडील फिरत्या पारशी नाटक कंपनीत नट. शिक्षण मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. १९४२ साली त्या ब्रिटिश माहिती खात्याच्या नोकरीसाठी दिल्लीला गेल्या. साडी नेसून, खांद्यावर कॅमेरा घेऊन सायकलवर फिरत. १६ ऑगस्ट १९४७ रोजी लाल किल्ल्यावर फडकलेला तिरंगा, गांधींची अंत्ययात्रा, १९५६ साली भारतात आलेले दलाई लामा, सारे त्यांनी टिपले. पुरुष फोटोग्राफरांच्या गर्दीत ही एकटी बाई!

१९७० च्या सुमारास त्यांनी कॅमेरा खाली ठेवला, तो कायमचा. नव्या फोटोग्राफरांची वागणूक त्यांना पटत नव्हती. पुढची कित्येक वर्षे कुणी विचारपूसही केली नाही. सरकारला आठवण झाली ती २०११ साली, त्यांच्या वयाच्या ९७ व्या वर्षी. पद्मविभूषण मिळाले. १५ जानेवारी २०१२ रोजी बडोद्यात त्या वारल्या.