डॉ. प्रफुल्लकुमार सेन आणि रक्तवाहिन्यांचा दाह: रिपोर्टवरच्या एका नावामागचं आयुष्य

सीटी अँजिओग्राफीच्या रिपोर्टवर शेवटच्या ओळीत कधी कधी एक लांबलचक नाव छापलेलं असतं: नॉन-स्पेसिफिक एओर्टोआर्टेरायटिस. रुग्ण बहुधा विशी-तिशीतली तरुणी असते. घरचे ते नाव अक्षर जुळवत वाचतात आणि त्यातल्या नॉन-स्पेसिफिक या शब्दावर थांबतात. विशेष काही सापडलं नाही, असा त्याचा अर्थ लावून कागद कपाटात ठेवला जातो. अर्थ तसा अजिबात नाही. हे नाव भारतात रुळलं, त्यात मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या एका शल्यविशारदाच्या कामाचा मोठा वाटा आहे. डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांची ओळख भारतातलं पहिलं हृदयप्रत्यारोपण करणारे डॉक्टर अशी आहे. रक्तवाहिन्यांच्या दाहावर त्यांनी केलेलं काम मात्र रुग्णांना फारसं माहीत नसतं.

नागपूर ते परळ

डॉ. सेन यांचा जन्म १९१५ साली कोलकात्यात झाला. सुरुवातीचं शिक्षण नागपूरला झालं. पुढे ते मुंबईत आले आणि परळच्या सेठ गोरधनदास सुंदरदास मेडिकल कॉलेजात शिकले. हे कॉलेज आणि त्याला जोडलेलं केईएम रुग्णालय १९२६ साली सुरू झालं होतं. तिथे येणारा रुग्ण गिरणी कामगार असे, कोकणातला शेतकरी असे, घाटावरून आलेली सासुरवाशीण असे. पैसे नसलेल्या माणसालाही मोठ्या डॉक्टरचा हात लागावा, हीच महापालिकेच्या रुग्णालयाची रीत. डॉ. सेन यांनी आपलं काम याच रुग्णालयात उभं केलं.

१९४९ च्या सुमारास ते रॉकफेलर फाउंडेशनच्या शिष्यवृत्तीवर अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात गेले. हृदय आणि मोठ्या रक्तवाहिन्यांची शस्त्रक्रिया तेव्हा जगभरच नवी होती. परत आल्यावर १९५० च्या दशकात त्यांनी केईएममध्ये हृदयाच्या झडपांच्या आणि छातीतल्या मोठ्या रक्तवाहिन्यांच्या शस्त्रक्रिया सुरू केल्या. संधिवाताच्या तापाने झडप आकसलेले तरुण रुग्ण तेव्हा वॉर्डात भरलेले असत.

हाताला बीपी जास्त, पायाला नाडी नाही

याच काळात दुसऱ्या एका प्रकारचे रुग्ण त्यांच्यासमोर येत होते. वय कमी, बहुतेक स्त्रिया. रक्तदाब खूप वाढलेला, डोकेदुखी, चालताना पायात गोळे, काहींना दम लागणं. हाताला नाडी जोरकस आणि पायाला अगदी क्षीण. काहींच्या बाबतीत उलटं: हाताची नाडीच लागत नसे.

कारण समजून घ्यायला शरीरातली नळयोजना डोळ्यांसमोर आणा. हृदयातून निघणारी मुख्य वाहिनी म्हणजे महारोहिणी. ती छातीतून खाली पोटात उतरते. वाटेत तिला मेंदू, हात, आतडी, मूत्रपिंडं आणि पाय यांच्याकडे जाणारे फाटे फुटतात. शाळेच्या पुस्तकात यांनाच रोहिणी म्हणतात, बोलताना आपण धमनी म्हणतो. महारोहिणी छातीच्या खालच्या भागात किंवा पोटात अरुंद झाली की वरच्या भागात दाब साठतो आणि खाली रक्त कमी पोचतं. मूत्रपिंडांना रक्त कमी मिळालं की ती शरीरभर दाब वाढवा असा रासायनिक निरोप पाठवतात. त्यामुळे रक्तदाब आणखी चढतो.

१९६३ साली डॉ. सेन, डॉ. एस. जी. किनरे, डॉ. एस. डी. इंजिनिअर आणि डॉ. जी. बी. परुळकर यांनी ब्रिटिश हार्ट जर्नलमध्ये या रुग्णांवर लेख लिहिला. नाव दिलं मिडल एओर्टिक सिंड्रोम, म्हणजे महारोहिणीच्या मधल्या भागाचा आजार. हा लेख आजही संदर्भासाठी वापरला जातो. डॉ. किनरे पॅथॉलॉजीच्या. शल्यविशारद वाहिनी उघडून पाहत आणि पॅथॉलॉजिस्ट तिचा तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली तपासत. या जोडीमुळेच अरुंदपणामागचं कारण शोधता आलं.

नाव फोडून वाचूया

आता त्या लांब नावाकडे येऊ. शेवटचं आयटिस म्हणजे दाह. टॉन्सिलायटिस, अपेंडिसायटिस हे शब्द आपल्या ओळखीचे आहेत. आर्टेरायटिस म्हणजे रोहिणीच्या भिंतीचा दाह. एओर्टो म्हणजे महारोहिणी. म्हणून एओर्टोआर्टेरायटिस म्हणजे महारोहिणी आणि तिच्या मोठ्या फाट्यांच्या भिंतींचा दाह. शिरेचा, म्हणजे नीलेचा दाह असेल तर फ्लेबायटिस. लहान-मोठी कुठलीही रक्तवाहिनी असो, सगळ्यांना मिळून व्हॅस्क्युलायटिस किंवा अँजायटिस म्हणतात.

दाह म्हणजे जंतुसंसर्ग नव्हे. संसर्गामुळे दाह होतो हे खरं, पण जंतू नसतानाही शरीराची संरक्षण यंत्रणा स्वतःच्याच पेशींवर उलटू शकते. या आजारात तसंच होतं असं आज मानलं जातं. म्हणून नुसत्या अँटिबायोटिकने तो बरा होत नाही. दाहामुळे वाहिनीची भिंत जाड होते, पुढे तिथे व्रण धरतो आणि आतली वाट अरुंद होते. काही ठिकाणी भिंत कमजोर होऊन फुगतेही. वय वाढल्यावर चरबी साठून वाहिनी अरुंद होते तो आजार वेगळा. पंचविशीतल्या मुलीच्या रिपोर्टवर वाहिनी अरुंद लिहिलेलं दिसलं म्हणून तेलकट खाण्याला दोष देऊ नये.

मग नॉन-स्पेसिफिक कशासाठी? पूर्वी महारोहिणीच्या दाहाचं एक ठरलेलं कारण डॉक्टरांना माहीत होतं: सिफिलिस. क्षयरोगाचा जंतूही वाहिनीला धरू शकतो. अशा वेळी कारण नेमकं, म्हणजे स्पेसिफिक असतं. केईएमच्या रुग्णांमध्ये असा एकच नेमका जंतू भिंतीत सापडत नव्हता. म्हणून नॉन-स्पेसिफिक. हा शब्द फक्त आजाराच्या कारणाबद्दल बोलतो. आजार सौम्य आहे की गंभीर, याबद्दल तो काहीच सांगत नाही.

एकशे एक रुग्ण

१९७३ साली डॉ. सेन, डॉ. किनरे, डॉ. एम. डी. केळकर आणि डॉ. परुळकर यांचा ग्रंथ मुंबईत टाटा मॅग्रॉ-हिलने प्रसिद्ध केला. त्याचं नावच नॉन-स्पेसिफिक एओर्टोआर्टेरायटिस, आणि आधार १०१ रुग्णांचा अभ्यास. तेव्हा सीटी स्कॅन नव्हता. वाहिनीत औषध सोडून एक्स-रे काढायचा, चारही हातापायांची नाडी हाताने तपासायची, स्टेथोस्कोपने पोटावर आणि मानेवर वाहिनीचा घरघर आवाज ऐकायचा. एवढ्या साधनांवर एकशे एक माणसांच्या वाहिन्यांचे नकाशे त्यांनी नोंदवले.

हाच आजार जगभर ताकायासू आर्टेरायटिस या नावाने ओळखला जातो. जपानचे नेत्रतज्ज्ञ मिकितो ताकायासू यांनी एका तरुणीच्या डोळ्याच्या पडद्यावरच्या वाहिन्यांची विचित्र जाळी वर्णन केली आणि १९०८ साली ती प्रसिद्ध झाली. जपानमध्ये मानेकडे आणि हातांकडे जाणाऱ्या फाट्यांचा आजार जास्त दिसला. त्यावरून नाडी नसलेला आजार असंही नाव पडलं. भारतात पोटातली महारोहिणी आणि मूत्रपिंडांच्या रोहिण्या अधिक वेळा सापडतात. म्हणून आपल्याकडे तो पुष्कळदा तरुण वयातला रक्तदाब या रूपात समोर येतो. एका रिपोर्टवर ताकायासू आणि दुसऱ्यावर एओर्टोआर्टेरायटिस लिहिलेलं असेल तर दोन आजार झाले असं समजू नका.

सापाचं हृदय आणि १९६८ चा फेब्रुवारी

डॉ. सेन यांची नजर सतत एका प्रश्नावर होती: वाहिनी बंद पडली तर त्या अवयवाला रक्त द्यायचं कसं? सापाच्या हृदयात स्नायूला बरंचसं रक्त थेट आतल्या कप्प्यातून मिळतं. त्यावरून त्यांनी हृदयाच्या स्नायूला सुईने बारीक छिद्रं पाडून आतलं रक्त स्नायूत पोचवण्याचे प्रयोग केले आणि १९६५ साली ते प्रसिद्ध केले. पुढे काही दशकांनी लेसरने अशीच छिद्रं पाडण्याचा उपचार जगात आला, तेव्हा या कामाची आठवण निघाली.

त्याच वर्षी त्यांच्या गटाने कुत्र्यांवरच्या शंभर हृदयप्रत्यारोपण प्रयोगांचा अहवाल दिला. डिसेंबर १९६७ मध्ये केपटाउनला डॉ. बर्नार्ड यांनी माणसावर पहिलं प्रत्यारोपण केलं आणि फेब्रुवारी १९६८ मध्ये केईएममध्ये डॉ. सेन यांनी भारतातलं पहिलं केलं. अशी शस्त्रक्रिया करणारे ते जगातले चौथे शल्यविशारद मानले जातात. रुग्ण काही तासच जगला. त्याच वर्षीचा दुसरा प्रयत्नही यशस्वी झाला नाही. मेंदूमृत्यूचा कायदा देशात नव्हता, नवा अवयव शरीराने नाकारू नये म्हणून लागणारी चांगली औषधंही नव्हती. भारतात यशस्वी हृदयप्रत्यारोपण व्हायला १९९४ साल उजाडलं.

१९६९ साली त्यांना पद्मभूषण मिळालं. १९८२ साली त्यांचं निधन झालं. वर्तमानपत्रांनी प्रत्यारोपण लक्षात ठेवलं. एओर्टोआर्टेरायटिसच्या रुग्णांना मात्र त्या १०१ नोंदींचा उपयोग जास्त झाला.

तेव्हा आणि आता

डॉ. सेन यांच्या काळात शल्यविशारदाच्या हाती मुख्यतः एकच उपाय होता: बंद वाहिनीला वळसा घालून कृत्रिम नळी जोडायची. आज आधी दाह शांत करण्यावर भर असतो. त्यासाठी स्टिरॉइड आणि त्यासोबत संरक्षण यंत्रणेला आवर घालणारी औषधं देतात. दाह पेटलेला असताना केलेली शस्त्रक्रिया किंवा बसवलेला स्टेंट पुन्हा बंद पडण्याचा धोका जास्त असतो, म्हणून तातडी नसेल तर डॉक्टर थांबायला सांगतात. यात टाळाटाळ नसते.

कुटुंबाने काय पाहावं

दिवा–पनवेल–रोहा मार्गावरच्या जिते, हमरापूर, पेण, नागोठणे अशा गावांतून मुंबईच्या मोठ्या रुग्णालयात जायचं म्हणजे अख्खा दिवस जातो. म्हणून गावातच करता येण्यासारख्या गोष्टी नीट माहीत हव्यात.

पहिली गोष्ट रक्तदाबाची. ज्या हाताची रोहिणी अरुंद आहे त्या हाताला बीपी खोटं कमी दिसतं. मशीन नॉर्मल आकडा दाखवतं आणि आत दाब चढलेला असतो. बीपी कोणत्या हाताला किंवा पायाला मोजायचं हे तज्ज्ञांकडून विचारून फाइलच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहून ठेवा. आरोग्य केंद्रातल्या नर्सताईंना ते पान आधी दाखवा.

दुसरी, सुरुवातीची लक्षणं. बारीक ताप, वजन घटणं, थकवा, सांधेदुखी. आपल्याकडे अशा वेळी आधी क्षयाची शंका येते, आणि ती तपासायलाच हवी. पण सोबत केस विंचरताना हात भरून येणं, दोन हातांच्या बीपीत मोठा फरक, मान वर केल्यावर चक्कर किंवा चाळिशीच्या आत चढलेलं बीपी असेल, तर चारही नाड्या तपासायला सांगा.

तिसरी, औषधं. बरं वाटलं म्हणून स्टिरॉइड एकदम बंद करू नका, शरीर अचानक कोलमडू शकतं. लग्न किंवा बाळाचा विचार असेल तर आधी डॉक्टरांना सांगा. मेथोट्रेक्सेटसारखी काही औषधं गरोदरपणात चालत नाहीत आणि ती आधीच बदलावी लागतात. योग्य देखरेखीखाली या आजारातल्या अनेक स्त्रियांचं बाळंतपण नीट पार पडतं.

चौथी, धोक्याच्या खुणा. तोंड वाकडं होणं, हात-पाय अचानक लुळा पडणं, बोलणं अडखळणं, नजर जाणं, छातीत तीव्र दुखणं, न थांबणारी डोकेदुखी. यातलं काहीही झालं तर पुढच्या तारखेची वाट न पाहता १०८ ला फोन करा.

आणि जुने रिपोर्ट टाकू नका. या आजारात वाहिनी कालच्यापेक्षा आज किती बदलली हेच डॉक्टरांना पाहायचं असतं. परळच्या वॉर्डात त्या एकशे एक रुग्णांच्या बाबतीत डॉ. सेन आणि त्यांचे सहकारी हेच करत होते: नाडी तपासायची आणि लिहून ठेवायची. तुमची फाइल हीसुद्धा तशीच नोंद आहे.

(ही माहिती समज वाढवण्यासाठी आहे. औषधात बदल फक्त तुमच्या डॉक्टरांच्या सल्ल्याने करा.)