महाराज शिवाजीराव होळकर

होळकर महाविद्यालयाच्या आवारात वावरणाऱ्या किती विद्यार्थ्यांना त्याच्या संस्थापकाचे चरित्र ठाऊक असेल, याची शंकाच आहे. शिवाजीरावांचा जन्म १८५९ चा. पिताजी द्वितीय तुकोजीराव १८८६ मध्ये निवर्तले, तेव्हा ते गादीवर आले. आरंभीच त्यांनी संस्थानातून जाणाऱ्या मालावरील राहदारीची जकात उठविली. व्हिक्टोरिया राणीच्या १८८७ मधील राज्यारोहण-महोत्सवास ते विलायतेस गेले आणि १८९१ मध्ये त्यांनी हे महाविद्यालय स्थापिले.

प्रजेच्या मुलांस उच्च शिक्षणाचे द्वार उघडणाऱ्या या राजाला प्रजेने कारभारात बोलावे, ही कल्पना मात्र मानवणारी नव्हती. देह धिप्पाड, स्वभाव शीघ्रकोपी; राजाची इच्छा हाच कायदा. सावकारांना त्यांनी बग्गीस जुंपल्याची कथा सांगतात. ती खरी की खोटी हे बाजूस ठेवले, तरी ती सहज खरी वाटावी यातच त्या कारकिर्दीची ओळख आहे. दाद मागण्यास रयतेला दुसरे स्थान नव्हते. असलेच तर ते रेसिडेन्सीत. परसत्तेचा हात आत शिरला तो याच फटीतून. १८९९ मध्ये इंदूरसाठी स्वतंत्र रेसिडेंट नेमला गेला. १९०२ मध्ये संस्थानी हाली नाणे जाऊन इंग्रजी रुपया आला.

जानेवारी १९०३ मध्ये बारा वर्षांच्या तुकोजीरावांकडे गादी सोपवून महाराज बडवाह येथे नर्मदाकाठी राहावयास गेले. १९०८ मध्ये त्यांचे निधन झाले. तुकोजीरावांना राज्याधिकार मिळाले, ते १९११ मध्ये.