सागरतळींचा संशोधक जाक कुस्तो

पाणबुड्या म्हटला म्हणजे दम कोंडून बुडी मारणारा, व दम संपतांच वर येणारा मनुष्य आमच्या डोळ्यांपुढें उभा राहतो. जाक कुस्तो या फ्रेंच नाविक अधिकाऱ्यानें ही दमाची अडचणच दूर केली, आणि समुद्रतळींचे देखावे चित्रपटांतून जगास दाखविले.

त्याचा जन्म ११ जून १९१० रोजीं बोर्दोजवळील एका गांवीं झाला. त्यास वैमानिक व्हावयाचें होतें. पण १९३६ सालीं मोटारीच्या अपघातांत हात मोडले व तो बेत तेथेंच राहिला. हातांस बळ यावें म्हणून तो समुद्रांत पोहूं लागला, आणि पाण्याखालच्या सृष्टीचा त्यास छंद जडला. १९४३ सालीं एमिल गान्यां या इंजिनियराच्या साह्यानें त्यानें श्वासयंत्र सिद्ध केलें. पाठीवरील नळकांड्यांत दाबून भरलेली हवा, आणि श्वास घेतांच ती भोवतीच्या पाण्याच्या दाबाइतक्या दाबानें सोडणारी झडप, एवढीच त्यांतील युक्ति! त्याच सालीं त्यानें बुडालेल्या जहाजांवर एक चित्रपटही काढला.

१९५२ सालीं कालिप्सो या आपल्या जहाजासह तो मार्सेयजवळील ग्रां-कोंग्लुए नांवाच्या खडकाळ बेटापाशीं आला. तेथें सुमारें चाळीस मीटर खोलीवर दोन हजार वर्षांपूर्वींचे मद्याचे मातीचे कुंभ पडले होते. देखरेखीस फेर्नां बन्वा हा पुराणवस्तुवेत्ता होता. परंतु तो बुडी मारणारा नव्हे. वर येईल त्या वस्तूची डेकवर पारख करावयाची, इतकेंच त्याच्या हातीं होतें. खालीं गाळ ओढणारी नळी चाले आणि कुंभांमागून कुंभ निघत; कोणता कुंभ कोणत्या थरांतला, याची नोंद मात्र नीट राहिली नाहीं. त्याच वर्षीं एका पाणबुड्यास तेथें प्राणास मुकावें लागलें.

कुंभांवरील सेस्तियुस या रोमन घराण्याचा शिक्का पाहून बन्वानें हें सारें एकाच जहाजाचें ठरविलें. पुढें १९८० नंतर जुन्या नोंदी पुनः तपासल्या, तेव्हां कळून आलें कीं तेथें एकावर एक अशीं दोन जहाजें बुडालीं होतीं, व त्यांच्यांत सुमारें शंभर वर्षांचें अंतर होतें! शिक्क्याचे कुंभ वरच्या जहाजांतले.

यांत सर्व दोष कुस्तोचाच, असें आम्हांस वाटत नाहीं. श्वासयंत्र लावून इतकें मोठें उत्खनन त्यापूर्वीं कोणी केलेंच नव्हतें. तरी चित्रपटाची घाई आणि उत्खननाची सबूर यांचें जमलें नाहीं, हें खरें. १९६० सालीं तुर्कस्तानच्या किनाऱ्यावर जॉर्ज बास हा पुराणवस्तुवेत्ता स्वतःच बुडी मारावयास शिकला व तळाशीं मोजमापें घेऊं लागला. त्याच्या तुकडींत कुस्तोचाच जुना सोबती फ्रेदेरिक दुमा होता.

कुस्तोच्या चित्रपटास १९५६ सालीं कान येथें सर्वोच्च पारितोषिक मिळालें. १९७६ सालीं तो ग्रीसमधील अँटिकिथेरा बेटापाशीं कॅमेरा घेऊन उतरला, आणि तेथें सांपडलेल्या नाण्यांवरून त्या जुन्या जहाजाचा काळ ठरविण्यास मोठें साह्य झालें. जानेवारी १९९६ मध्यें कालिप्सो सिंगापूरच्या बंदरांत धडक बसून बुडाली. तिला वर काढलें. कुस्तो २५ जून १९९७ रोजीं पॅरिस येथें वारला. त्याचें दफन जन्मगांवीं झालें.