डब्लिनला चेहरा देणारा जेम्स गॅन्डन

एखाद्या वास्तुविशारदाला आपल्याच इमारतीच्या कामावर जाताना तलवार सोबत बाळगावी लागावी, हे आज ऐकायलाही विचित्र वाटते. आयर्लंडच्या राजधानीत, डब्लिनमध्ये, १७८१ साली जेम्स गॅन्डनवर ती वेळ आली होती. या शहराने प्रथम त्याला विरोध केला, त्याच्या मृत्यूनंतर शतकभराने त्याच्या वास्तू आगीत आणि तोफांच्या माऱ्यात उद्ध्वस्त होताना पाहिल्या आणि अखेर त्या पुन्हा उभ्या केल्या. लिफी नदीकाठच्या डब्लिनचे जे रूप आज जगाला परिचित आहे, ते बव्हंशी या परक्या माणसाची देणगी आहे.

गॅन्डनचा जन्म लंडनमध्ये १७४३ साली झाला. धार्मिक छळामुळे फ्रान्समधून परागंदा झालेल्या प्रोटेस्टंट कुटुंबांपैकी एक त्याचे कुटुंब होते. सर विल्यम चेंबर्स या ख्यातनाम वास्तुविशारदाच्या हाताखाली त्याने उमेदवारी केली आणि प्राचीन रोमन वास्तुकलेतील प्रमाणबद्धतेचे संस्कार तेथेच घेतले. इंग्लंडमधील अभिजात इमारतींच्या आराखड्यांचे मोठे ग्रंथ त्याने एका सहकाऱ्याबरोबर संपादित केले. १७६९ मध्ये रॉयल अकॅडमीचे वास्तुकलेचे सुवर्णपदकही त्याने पटकावले. त्याच सुमारास डब्लिनमधील रॉयल एक्स्चेंजच्या इमारतीसाठी स्पर्धा झाली. तीत गॅन्डन दुसरा आला. पहिला आलेला थॉमस कूली डब्लिनला गेला आणि तेथेच स्थिरावला. गॅन्डनचे नाव मात्र आयर्लंडमधील काही सरदारांच्या लक्षात राहिले.

१७७९ च्या सुमारास रशियाची प्रिन्सेस दाशकोवा हिने त्याला सेंट पीटर्सबर्गला येण्याचे निमंत्रण दिले. ते नाकारून गॅन्डनने डब्लिनची वाट धरली. आयर्लंडच्या महसूल खात्याचे सर्वात वजनदार आयुक्त जॉन बेरेसफर्ड यांना बंदरासाठी नवे कस्टम हाऊस, म्हणजे जकातीचे मुख्यालय, बांधायचे होते. जुने कस्टम हाऊस नदीच्या वरच्या भागात, जुन्या पेठेलगत होते. नवे समुद्राच्या दिशेने, खाली न्यायचे ठरले. जहाजे खालीच थांबली, तर वरच्या पेठेतील गोदामांना आणि दुकानांना विचारणार कोण? व्यापाऱ्यांच्या भीतीचे मूळ येथे होते. शहराच्या महापालिकेनेही विरोधाचा झेंडा उभारला. त्यामुळे १७८१ च्या वसंतात गॅन्डन आला, तो जवळपास गुपचूपच.

ऑगस्टमध्ये पायाभरणी झाली, तीही फारसा गाजावाजा न करता. पाठोपाठ नॅपर टँडी हा महापालिकेतील लोकप्रिय पुढारी जमाव घेऊन कामावर चालून आला आणि कुंपणाचा काही भाग पाडून गेला. माणसांचा विरोध कमी होता म्हणून की काय, जमीनही साथ देईना. ती होती नदीकाठची दलदल. खणावे तेथे पाणी लागे. गॅन्डनने लाकडी तुळयांची जाळी अंथरून तिच्यावर पाया घेतला. त्याच्यावर दहा वर्षे काम चालले आणि ३७५ फूट लांबीची, सुमारे १२५ फूट उंच घुमटाची इमारत उभी राहिली. १७९१ मध्ये ती खुली झाली तेव्हा खर्चाचा आकडा दोन लाख पौंडांपर्यंत गेला होता.

या कामात गॅन्डनला एक हिरा गवसला. एका दगड कंत्राटदाराकडे काम करणारा एडवर्ड स्मिथ हा डब्लिनमधील शिल्पकार त्याने हेरला. इमारतीच्या कमानींवर स्मिथने चौदा मुखवटे कोरले. त्यांतील तेरा आयर्लंडच्या नद्यांचे, तर चौदावा अटलांटिक महासागराचा. साम्राज्याची जकात गोळा करणाऱ्या इमारतीच्या कपाळावर आयर्लंडचा भूगोल असा कोरला गेला.

त्यानंतर कामांचा ओघ सुरू झाला. संसद भवनात उमरावांच्या सभागृहासाठी गॅन्डनने पूर्वेकडे नवा स्तंभमंडप उभारला. नदीवर कार्लाइल पूल बांधला. हाच पूल पुढे रुंद होऊन ओ'कॉनेल पूल झाला. कूलीच्या निधनामुळे अपुऱ्या राहिलेल्या कामाला सामावून घेत त्याने ‘फोर कोर्ट्स’ हे न्यायालयांचे संकुल घडवले. मध्यभागी प्रचंड घुमटाखाली गोलाकार दालन आणि त्याच्या चार कोपऱ्यांतून निघणारी चार न्यायालये, अशी तिची रचना. वकिलांच्या ‘किंग्ज इन्स’ या संस्थेच्या इमारतीचा पाया १८०० साली घातला गेला.

नेमक्या त्याच वर्षी आयर्लंडची संसद विसर्जित करणारा कायदा झाला. १ जानेवारी १८०१ पासून आयर्लंडचा कारभार लंडनच्या संसदेतून होऊ लागला. सरदार-जमीनदारांनी हळूहळू डब्लिनमधील मुक्काम हलवले. संसद भवन बँक ऑफ आयर्लंडने विकत घेतले. ज्या राजधानीसाठी गॅन्डनने हे वैभव उभारले, ती राजधानीच उरली नाही. १८०८ मध्ये ‘किंग्ज इन्स’चे काम सहकारी हेन्री बेकर याच्याकडे सोपवून तो डब्लिनबाहेरील लुकन येथील आपल्या घरी निवृत्त झाला. तेथेच १८२३ साली त्याचे निधन झाले. ड्रमकॉन्ड्रा येथील चर्चच्या आवारात, पुराणवस्तू-संशोधक मित्र फ्रान्सिस ग्रोस याच्याच थडग्यात त्याला चिरविश्रांती मिळाली.

त्याच्या इमारतींच्या नशिबी मात्र विश्रांती नव्हती. स्वातंत्र्ययुद्धाच्या धुमश्चक्रीत २५ मे १९२१ रोजी आयरिश क्रांतिकारकांनी कस्टम हाऊस पेटवून दिले. ब्रिटिश प्रशासनाची करविषयक व स्थानिक कारभाराची दप्तरे तेथे होती. पाच क्रांतिकारक मारले गेले, ऐंशीहून अधिक पकडले गेले. इमारत अनेक दिवस धुमसत राहिली आणि घुमट कोसळला. पुढच्याच वर्षी यादवी युद्ध पेटले. इंग्लंडशी झालेला करार अमान्य असलेल्यांनी फोर कोर्ट्सचा ताबा घेतला होता. जून १९२२ अखेर नव्या आयरिश सरकारच्या तोफांनी त्यावर मारा केला आणि ३० जूनच्या प्रचंड स्फोटात आवारातील अभिलेखागार, तेराव्या शतकापासूनच्या कागदपत्रांसह, भस्मसात झाले.

परकीय सत्तेच्या या खुणा पुसून टाकण्याची ती आयती संधी होती. तिजोरी रिकामी होती आणि दोन्ही वास्तूंशी जोडलेल्या आठवणी कडवट होत्या. तरीही नव्या राष्ट्राने त्या पाडल्या नाहीत. कस्टम हाऊस १९२८ पर्यंत, तर फोर कोर्ट्स १९३२ पर्यंत पुन्हा उभे राहिले. आतील मूळ रचना बरीचशी गेली ती गेलीच, पण बाहेरचे रूप जपले गेले. १९२८ मध्येच आयर्लंडने स्वतःच्या नोटा छापल्या, तेव्हा त्यांच्या मागील बाजूस स्मिथने घडवलेले नद्यांचे मुखवटे आले. पारतंत्र्यातील कस्टम हाऊसवरचे हे चेहरे आता स्वतंत्र देशाच्या चलनावर झळकले.

फोर कोर्ट्समध्ये आजही आयर्लंडचे सर्वोच्च न्यायालय भरते. कस्टम हाऊसच्या घुमटाकडे नीट पाहिले, तर त्याखालचा स्तंभवलयाचा भाग उर्वरित इमारतीपेक्षा काळसर दिसतो. मूळ इमारत इंग्लंडमधून आणलेल्या पांढऱ्या पोर्टलंड दगडाची होती. पुनर्बांधणीत मात्र आयर्लंडच्याच मीथ परगण्यातील आर्डब्रॅकनचा चुनखडीचा दगड वापरला गेला. तो अधिक गडद होता आणि काळाबरोबर आणखी काळवंडला. जुन्या आगीची आणि तीनंतरच्या पुनर्बांधणीची ती खूण आहे. गॅन्डनच्या मूळ आराखड्यात तिला जागा नव्हती, पण आता ती त्याच्या इमारतीचाच भाग झाली आहे.