लोणावळ्याचा छापखाना ते राजा हरिश्चंद्र : दादासाहेब फाळके यांचा प्रवास

पुण्याहून लोणावळ्याला जाणारी लोकल मळवलीला थांबली की कार्ला आणि भाजे लेणी पाहायला आलेली मंडळी उतरतात. याच मळवलीत एकेकाळी राजा रविवर्मा यांनी सुरू केलेला, देवादिकांची रंगीत चित्रे छापणारा मोठा छापखाना होता. त्याच्यासाठी काम करणारा एक माणूस शेजारीच लोणावळ्यात स्वतःचा छापखाना चालवत होता, हे मात्र मावळातल्याही फार थोड्या लोकांना ठाऊक असते. तो माणूस म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके. आम्ही शिक्षक मुलांना पहिला भारतीय चित्रपट कोणी काढला असा एका मार्काचा प्रश्न घालतो नि पुढे जातो. त्या एका मार्काच्या मागे केवढी भटकंती आहे, ते सांगायचे राहूनच जाते.

फाळक्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. १८८५ साली ते मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाले, पुढे बडोद्याच्या कलाभवनात गेले. तिथे चित्रकला, फोटोग्राफी, छपाई असे जे मिळेल ते शिकत राहिले. गोध्र्याला फोटो स्टुडिओ टाकला, पण १९०० च्या सुमारास प्लेगने घर उद्ध्वस्त केले. पहिली पत्नी आणि मूल दोघेही गेले. एका जर्मन जादूगाराकडून हातचलाखी शिकून ते जादूचे प्रयोगही करू लागले, आणि त्यासाठी नाव घेतले प्रोफेसर केळफा. फाळके उलटे वाचले की केळफा, बरं का! नंतर पुरातत्त्व खात्यात फोटोग्राफर आणि ड्राफ्ट्समन म्हणून सरकारी नोकरी मिळाली. दुसरे लग्न झाले, संसार लागला. आणि १९०६ च्या सुमारास, स्वदेशीचे वारे असताना, ही पक्की नोकरीही त्यांनी सोडली.

दहावीचा निकाल लागला की पालक आमच्याकडे येतात. मुलाने एकच लाईन धरावी, इकडे तिकडे करू नये, असा त्यांचा आग्रह असतो. छत्तिशीतले फाळके त्यांना दाखवले असते तर त्यांनी कपाळाला हात लावला असता. आम्हीही कदाचित लावला असता.

नोकरी सोडल्यावर लोणावळ्यात फाळके एन्ग्रेव्हिंग अँड प्रिंटिंग वर्क्स निघाले. सुरुवातीचे मुख्य काम रविवर्मा प्रेसचे. फोटोच्या तंत्राने चित्र छपाईच्या दगडावर उतरवून द्यायचे. पुढे हाफटोन ब्लॉक आणि तीन रंगांची छपाईही सुरू झाली. आमच्या मते फाळक्यांच्या आयुष्यातला हा काळ फार महत्त्वाचा, पण सांगितला जातो सर्वांत कमी. रंगीत छपाईत प्रत्येक रंगाचा ठसा वेगळा असतो. एकावर दुसरा केसभर सरकला तरी चित्र बिघडते. तसेच सिनेमाच्या फिल्मच्या कडेची भोके सारख्या अंतरावर नसली की पडद्यावर चित्र थरथरते. त्या वेळी कच्ची फिल्म भोके न पाडलेली यायची. ती घरीच पाडावी लागत. रसायने, काच, प्रकाश, अंधारी खोली यांच्याशी फाळक्यांची दोस्ती कॅमेरा हाती येण्याआधीच झालेली होती.

काम वाढले तसा छापखाना दादरला गेला, भागीदार बदलला, नाव लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स झाले. १९०९ मध्ये यंत्रे आणायला फाळके जर्मनीला जाऊन आले. मग भागीदारांशी पटेना. चाळिशी गाठलेला हा माणूस चालता धंदा सोडून घरी बसला.

१९११ च्या ईस्टरला गिरगावात त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला, आणि आपल्या पुराणांतल्या गोष्टी अशाच पडद्यावर आणायच्या हे डोक्यात बसले. मग रात्रंदिवस चित्रपट पाहणे आणि स्वस्तातल्या कॅमेऱ्यावर प्रयोग. डोळ्यांवर इतका ताण पडला की काही काळ दिसेनासे झाले. बरे होताच विम्याच्या पॉलिस्या गहाण टाकून १९१२ मध्ये ते लंडनला गेले. तिथे सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत काम पाहिले आणि विल्यमसन कॅमेरा विकत घेतला. परत आल्यावर कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची रोज थोडी थोडी छायाचित्रे घेऊन त्याच्या वाढीची छोटी फिल्म केली. भांडवल देणाऱ्यांना दाखवायला तीच कामी आली.

राजा हरिश्चंद्रचे काम दादरला चालले. कथा, दिग्दर्शन, देखावे, रंगभूषा, फिल्म धुणे, जोडणे, सगळ्यात फाळक्यांचा हात. कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांनी धरला, पण त्यांना शिकवले फाळक्यांनीच. सरस्वतीबाईंनी दागिने दिले, सगळ्या मंडळींचा स्वयंपाक केला, आणि रात्री बसून फिल्मला भोके पाडली. आमच्या पुस्तकांत त्यांचे नाव शोधावे लागते, याचे वाईट वाटते. स्त्री भूमिकेला कोणी बाई मिळेना, म्हणून हॉटेलात काम करणारा अण्णा साळुंके तारामती झाला. मुलगा भालचंद्र रोहिदास झाला. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये चित्रपट लागला. (१९१२ मध्ये तोरणे यांचा पुंडलिक दाखवला गेला होता, पण ते नाटकाचे चित्रण होते. पहिला कोण, हा वाद आजही निघतो.)

पुढे मुक्काम नाशिकला. १९१७ च्या लंका दहनमध्ये राम आणि सीता दोन्ही भूमिका साळुंकेंनीच केल्या. १९१८ मध्ये हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली. कालिया मर्दनमध्ये मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली, आणि पाण्यातल्या सापाचे दृश्य फाळक्यांनी कॅमेऱ्याच्या करामतीने उभे केले. केळफाचे कसब इथे कामाला आले. मात्र भागीदारांशी पटणे इथेही जमले नाही. कंपनी सोडून ते काशीला जाऊन राहिले, नाटक लिहिले, मग परत आले.

बोलपट आला तेव्हा त्यांची साठी उलटली होती. कोल्हापूर सिनेटोनसाठी १९३७ मध्ये गंगावतरण हा एकच बोलपट त्यांनी केला. नंतर नाशिकला हलाखीचे दिवस. युद्धाच्या काळात चित्रपट काढायला सरकारी परवाना लागे. सत्तरी ओलांडलेल्या फाळक्यांनी आणखी एका चित्रपटासाठी अर्ज केला. तो नामंजूर झाला. १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकमध्ये त्यांचे निधन झाले.